कादंबरीतला गाणारा स्फटिक: त्याला कुठले नियम घालावेत?

पानगळ

नमस्कार मंडळी,

एक अद्भुत कादंबरी लिहिते आहे आणि त्यातल्या एका दगडापाशी अडले आहे. इथे गाणारे, वाजवणारे, विज्ञान शिकवणारे असे सगळेच वावरतात, म्हणून हा धागा.

कादंबरीतलं जग थोडक्यात असं. डोंगरांनी वेढलेलं सप्तधारा नावाचं खोरं. वर्षातले कित्येक महिने तिथे दाट धुकं असतं, इतकं की उंबरा ओलांडला की माणूस दिसेनासा होतो. डोंगराच्या पोटात 'नादकांत' नावाचा स्फटिक सापडतो. जुन्या गोष्टींतला सूर्यकांत उन्हात ठेवला की आग टाकतो, चंद्रकांत चांदण्यात पाझरतो. तसा हा नादकांत सुराने जागा होतो. त्याच्यासमोर योग्य सूर लागला की तो स्वतः गाऊ लागतो. धुक्यात घरची वाट सापडावी म्हणून प्रत्येक दारात एक नादकांत टांगलेला असतो. आपल्या दाराचा सूर मूल चालायला लागायच्या आधी ओळखू लागतं.

माझी नायिका आर्जा ही खाणीत स्फटिकांची पारख करणाऱ्या घराण्यातली. तिच्या गळ्यात आजीकडून आलेला लहानसा नादकांत आहे. खोऱ्याच्या वरच्या अंगाला एका गुहेत पुरुषभर उंचीचा 'महाकांत' आहे. तो बोलला की खोऱ्यातले सगळे नादकांत बोलतात, अशी आख्यायिका. पण तो तीन पिढ्या मुका आहे. शेवटच्या प्रकरणात धुकं उठत नाही, माणसं डोंगरभर विखुरली आहेत, आणि आर्जा गुहेत उभी राहून गाते. तिचा सूर गळ्यातला स्फटिक उचलतो, त्याच्यावरून महाकांत जागा होतो आणि त्याचा खर्ज सगळ्यांना घरी आणतो.

एका मित्राला खर्डा वाचायला दिला. त्याने एकच विचारलं, "हिला हे करता येतं तर तिसऱ्याच प्रकरणात का गात नाही?" तेव्हापासून हा प्रश्न डोक्यातून जात नाही. मला दगडाला नियम घालायचे आहेत, आणि ते नियम सुरांच्या दुनियेतले असावेत, बाहेरून चिकटवलेले नकोत. लहान स्फटिकाने मोठा जागा होईल, हे पटण्यासारखं आहे का? मधल्या भागात आर्जाचा स्फटिक चोरीला जातो, पण चोराकडे तो वाजत नाही, त्याला कारण काय द्यावं? आणि वापराची किंमत काय असावी? सध्या मी 'दर वेळी गाणाऱ्याचं एक वर्ष कमी होतं' असं ठेवलंय. ते फार ठिकाणी वाचलेलं आहे आणि त्याचा गाण्याशी काही संबंधही नाही.

मोकळेपणाने लिहा. लांब प्रतिसाद चालतील.

आडाखा

कल्पना आवडली, विशेषतः दारोदारी टांगलेले सूर. एकच सुचवतो: नादकांत म्हणजे नक्की कशासारखा दगड हे आधी मनाशी ठरवा, गारेच्या (क्वार्ट्झच्या) स्फटिकासारखा की काचेसारखा. काच चकाकते म्हणून आपण तिला स्फटिकात धरतो, पण तिच्या आत अणूंची शिस्तशीर मांडणी नसते. खऱ्या स्फटिकात ती असते, आणि त्यामुळे ध्वनीचा वेगसुद्धा आत दिशेप्रमाणे बदलतो. म्हणजे एकाच खड्यातून कुठल्या अंगाने पट्टी कापली यावर तिचा सूर ठरेल. तुमच्या पारखी घराण्याला एवढं काम पुरेसं आहे.

जवारी

पानगळ, तंतुवाद्यांची दुरुस्ती हा माझा धंदा. सूर आणि घासकाम दोन्ही रोज हाताखालून जातं, त्यामुळे तुमचा धागा वाचून गप्प बसवेना. लांब लिहितोय.

आधी माझं मत सांगतो आणि मग त्याची कारणं. जादू एकाच जागी ठेवा. बाकी दगडाला दगडासारखं वागू द्या. सतारीच्या तरफा (मुख्य तारांखालच्या बारीक तारा) कुणी न छेडता बोलतात, पण फक्त आपल्याच सुराला. पहिल्यांदा बघणाऱ्याला ती जादूच वाटते, आणि त्याला ती खरी वाटते ती 'आपल्याच सुराला' या अटीमुळे. तुमच्या दगडाला अशा अटी हव्यात, आणि त्या नव्याने शोधायची गरज नाही.

गळ्यातल्या मण्यापासून सुरुवात करू. एवढासा खडा गाणार नाही. किणकिणेल, तेही फार वर. दहा सेंटिमीटर लांबीचा गारेचा स्फटिक टोकावर ठोकला तर लांबीच्या दिशेने त्याची आंदोलनं सेकंदाला पंचवीस हजारांच्या वर जातात, आणि माणसाचा कान वीस हजारांशी संपतो. म्हणून मणी काढून पट्टी करा. पट्टी आडवी लवून वाजते आणि तो सूर खूप खाली येतो. वीस सेंटिमीटर लांब, तीन रुंद आणि अर्धा सेंटिमीटर जाड अशी गारेच्या स्फटिकाची पट्टी धरली तर तिचा सूर साधारण ७०० आंदोलनांवर येतो आणि वजन भरतं जेमतेम ८० ग्रॅम. कमरेला म्यानात घालून मिरवता येईल.

पट्टीचे स्वभाव तारेपेक्षा वेगळे आहेत. रुंदीने तिच्या सुरात फारसा फरक पडत नाही. लांबी दुप्पट केली, जाडी तीच ठेवली, तर सूर एक नाही, दोन सप्तकं खाली जातो. आणि जाडी दुप्पट केली तर सूर एक सप्तक वर जातो. जाड म्हणजे खालचा सूर, असं तार हाताळणाऱ्यांच्या डोक्यात पक्कं बसलेलं असतं. पट्टीत ते उलटं. नवशिक्या पारख्याला परीक्षेत हाच प्रश्न घाला.

आता तुमचा चोर. दोन्ही टोकं मोकळी असलेली पट्टी वाजते तेव्हा ती सगळीकडे सारखी हलत नाही. मधला भाग आणि टोकं हलतात, आणि मध्ये दोन जागा स्थिर राहतात, त्यांना निस्पंद म्हणतात. प्रत्येक टोकापासून लांबीच्या २२.४ टक्क्यांवर. वीस सेंटिमीटरच्या पट्टीत टोकांपासून साडेचार सेंटिमीटरवर. त्या दोन जागी दोरा बांधला किंवा बोटांच्या चिमटीत धरलं तर पट्टी कितीतरी वेळ घुमत राहते. मध्यावर मूठ आवळून धरली तर तिचा मूळ सूर मेला. चोर तिला हत्यार धरतात तशी मध्यावर धरणार. कितीही गाऊ दे, दगड गप्प. आर्जाला लहानपणापासून आजीने दोन बोटांच्या जागा दाखवलेल्या आहेत, पट्टीवर खूणसुद्धा नाही, हाताला सवय आहे. चोरी सुटायला एवढं कारण बास. 'स्फटिक आपला मालक ओळखतो' वगैरे लिहायची वेळ येणार नाही.

आणि याच नियमातून तुमचा महाकांत मुका का, तेही सुटतं. तो पुरुषभर उंचीचा उभा खांब न ठेवता आडवा टांगलेला करा. नीट टांगला तर दोन्ही टोकांपासून चाळीस सेंटिमीटरवर दोर हवेत. तीन पिढ्यांपूर्वी कुणीतरी, ज्याला दगड कळत होता अशा माणसाने, त्याच्या बरोबर मध्यावर पोलादी कडं आवळलं. फोडला नाही, चोरला नाही. फक्त मध्य धरला. येणारे-जाणारे त्या कड्याला दागिना समजून नमस्कार करतात. हे तुम्ही पहिल्या प्रकरणातच वाचकाला दाखवा आणि पुढे सोडून द्या.

राहिला लहान-मोठ्याचा प्रश्न. महाकांत हा आर्जाच्या पट्टीच्या नऊपट आहे असं धरा, सगळ्या बाजूंनी: १८० सेंटिमीटर लांब, साडेचार सेंटिमीटर जाड. आकार सगळीकडून नऊपट झाला की आंदोलनं एकनवमांश होतात, म्हणजे ७८ च्या जरा खाली. छान खोल खर्ज. वजन मात्र नऊ गुणिले नऊ गुणिले नऊ, ७२९ पट: अठ्ठावन्न किलो. ७०० आणि ७८, दोघांचे सूर कोसभर लांब. मग लहान्याने मोठा हलणार कसा? उपस्वरांमुळे, म्हणजे मूळ सुराबरोबर त्याच्या वर वाजणाऱ्या सुरांमुळे.

तंबोरा ऐकला असेल तर हे तुम्हाला माहीत आहे. पंचम, दोन जोड (मधले षड्ज), खर्ज एवढंच लावलेलं असतं, गंधार कुणीच लावलेला नसतो, आणि जवारी (घोडीवरचा तारेचा स्पर्श) नीट उघडली असेल तर गंधार ऐकू येतो. तो खर्जाच्या तारेचा पाचवा उपस्वर. तारेचे उपस्वर मूळ सुराच्या दुप्पट, तिप्पट, चौपट, पाचपट असे सरळ चढतात. पट्टीचे तसे नाहीत. ते चढतात २.७६ पट, ५.४० पट, ८.९३ पट असे. म्हणून पट्टीचा आवाज तारेसारखा गोड न वाटता घंटेच्या अंगाने जातो.

तो शेवटचा आकडा बघा. ८.९३. आर्जाची पट्टी आहे महाकांताच्या नऊपट वर, आणि महाकांताचा चौथा सूर (खर्ज पहिला धरून) आहे त्याच्या खर्जाच्या ८.९३ पट. म्हणजे ७०० च्या शेजारी ६९५. जवळ आहे, पण जुळलेला नाही. जो दगड फार वेळ घुमतो तो सुराच्या बाबतीत तितकाच हटवादी असतो. पाच आंदोलनांचा फरक तो खपवून घेणार नाही. तुमच्या मित्राला हे उत्तर द्या. तिसऱ्या प्रकरणात आर्जा गायली तरी काही होणार नाही, कारण तिची पट्टी पाच आंदोलनांनी वर आहे.

आणि इथेच किंमत आहे. पट्टीचा सूर उतरवायचा तर तिच्या पोटाकडून, मध्यावर, घासावं लागतं. चढवायचा तर टोकं घासावी लागतात. ७०० वरून ६९५ वर यायला अर्धा सेंटिमीटर जाडीतून अंगभर एक थर जायला हवा, केसाच्या जाडीपेक्षाही पातळ. गारेच्या दगडावर कानस चालत नाही, दगड पोलादाला जुमानत नाही. कुरुंदाची पूड, पाणी, सपाट पाटा, आणि तासन् तास हात. आजीने दिलेला सूर त्यात कायमचा जातो. तो आर्जाच्या दाराचा सूर होता, तिच्या घरच्यांनी धुक्यात जो ऐकून घर गाठलं तो. महाकांताला जागं करायचं तर तिला आपलं स्वतःचं दार मुकं करावं लागेल. आयुष्याचं वर्ष काढून टाका, त्याची गरज उरत नाही.

हे सगळं झालं तरी एक गोष्ट दगड स्वतःहून करणार नाही. ६९५ ला जागा झालेला महाकांत ६९५ च गाईल, खर्ज नाही. वरचा उपस्वर छेडून खालचा मूळ सूर उठत नाही. जादू ठेवायची ती इथे, फक्त इथे: नादकांत वरून जागा झाला तरी खाली उतरतो. एवढा एकच नियम मोडा आणि तो पुस्तकात अगदी लवकर, एखाद्या साध्या दारातल्या दगडावर, दाखवून ठेवा.

पानगळ

जवारीकाका (चालेल ना?), मी हा प्रतिसाद वाचून उठले आणि परत येऊन पुन्हा वाचला. मध्यावरचं कडं! मी महाकांताच्या मुकेपणाला शाप दिला होता. तो आत्ताच खोडला. ज्याने कडं आवळलं तो माणूस मला दिसायला लागलाय. मला वाटतं तो शत्रू नव्हताच, पारखी घराण्यातलाच होता.

एक शंका. कडं मध्यावर असताना चौथा सूर तरी जिवंत राहील का? म्हणजे आर्जा गुहेत पहिल्यांदा जाते तेव्हा तिला काहीतरी ऐकू यायला हवंय, पूर्ण नकार नको.

जवारी

काका चालेल.

राहील. पट्टीचा पहिला आणि तिसरा सूर मध्यावर जोरात हलतात, त्यामुळे मध्य धरला की ते मरतात. दुसरा आणि चौथा यांचा मध्य मुळातच स्थिर असतो. कडं अरुंद असेल तर त्यांना ते फारसं जाणवणार नाही. म्हणजे ज्याने खर्ज बंद केला त्याने चौथा सूर उघडा ठेवला. चुकून की मुद्दाम, ते तुम्ही ठरवा.

प्रसंग असा करता येईल. आर्जा महाकांताच्या टोकावर नखाने टिचकी मारते आणि त्याच वेळी स्वतःची पट्टी छेडते. ७०० आणि ६९५ एकत्र वाजले की आवाज स्थिर राहत नाही, सेकंदाला पाच वेळा फुगतो आणि बसतो. विज्ञानाच्या पुस्तकात याला विस्पंद म्हणतात. आम्ही तार मिळवतो ती हेच ऐकून: तारेवरचा मणी सरकवत जायचं, हेलकावे संथ होत जातात, आणि ते थांबले की तार मिळाली. आर्जा तिथेच बसून पट्टी घासते. थोडं घासते, ऐकते. पाच, मग चार, मग दोन. मग इतका संथ की एक हेलकावा श्वासाएवढा लांब. आकडे लिहू नका, तिला मोजता येत असेल पण तिच्या कानाला आकड्यांची गरज नाही. घासताना पट्टी गरम होते, तेव्हा दर वेळी ती निवेपर्यंत थांबून मगच ऐकायचं, हे मात्र लिहा. घाईत गरम पट्टीवर सूर ठरवला तर तो थंड झाल्यावर सरकतो.

मंद्र

मी गाते, त्यामुळे मला आर्जाच्या गळ्याची काळजी वाटते.

७०० फार वर आहे हो. माझा षड्ज काळी चार (पेटीवरची चौथी काळी कळ). त्या हिशेबाने ७०० म्हणजे तार पंचमाच्याही वर. तिथे पोचता येईल कदाचित, पण दगड जागा होईपर्यंत तिथे थांबणं, ते मला शक्य नाही आणि अनेकींना नसेल. आणि थांबणंच तर महत्त्वाचं आहे ना? जवारी म्हणतात दगड हटवादी आहे. गळा तसा नसतो. सरळ लावलेला सूरसुद्धा आत थोडा हलत असतो. आपलं निम्मं गाणं तर सुरांच्या मधल्या जागांत आहे, मींड, आंदोलन (सूर झुलवणं), गमक. तुमच्या दगडाला त्यातलं काहीच उचलता येणार नाही. एका सुरावरून दुसऱ्यावर घसरत गेलात तर मधल्या क्षणी तो जागा होता होता पुन्हा झोपेल.

म्हणून माझी विनंती: आर्जाला मोठी तानबाज गायिका करू नका. शेवटच्या प्रकरणात तिने एकच सूर लावावा. खर्जाचा रियाज करतात तसा, साधा आकार ('आ'), न हलवता, श्वास पुरेल तितका. हे लिहायला कठीण आहे, कारण वाचकाला वाटतं चमत्कार म्हणजे तान. पण रडून आलेल्या, थंडीने कुडकुडणाऱ्या, दिवसभर दगड घासून हात बधिर झालेल्या मुलीने एक सूर न हलवता धरणं यापेक्षा अवघड गाण्यात काही नाही. रडल्यावर घसा सुजतो आणि सूर खाली बसतो. थंडीत श्वास आखूड होतो. तुम्हाला तिचा पहिला प्रयत्न फसवायचा असेल तर तिला आधी रडू द्या.

आणखी एक. तिचा प्रतिस्पर्धी कुणी असेल तर तो तिच्याहून चांगला गाणारा असू द्या. कानाला सुंदर वाटणारा आवाज, दगडाला न कळणारा.

जवारी

मंद्र, गळ्याबद्दलचं तुमचं म्हणणं शंभर टक्के मान्य. पण पट्टी बदलायची गरज नाही. आर्जाने ३५० वर गावं. माणसाचा आवाज तारेसारखाच आहे, मूळ सुराबरोबर त्याची दुप्पट, तिप्पट त्यात असतेच. ३५० च्या आवाजात ७०० हजर असतो, आणि मोकळ्या आकारात तो चांगला ठसठशीत असतो. पट्टी तोच निवडून घेईल आणि तिच्या वर एक सप्तक बोलेल. तुमच्या काळी चारला ३५० म्हणजे मध्य धैवत. तिथे तर थांबता येईल?

मंद्र

मध्य धैवतावर हवं तितकं थांबेन.

आणि हे जास्त सुंदर आहे. ती गाते त्या सुराला दगड जसाच्या तसा परत देत नाही, वरचा देतो. मग महाकांत तोच उचलून तळाला नेतो. तिघांचे तीन सूर, मूळ एकच. पानगळ, ओठ मिटून गुणगुणली तर वरचे उपस्वर दबतात, तोंड उघडल्यावर खुलतात. लहानपणी ती मिटल्या तोंडाने गुणगुणायची म्हणून पट्टी कधी बोलली नाही, असं काही करता येईल.

आडाखा

प्रकाशाबद्दल कुणी लिहिलं नाही म्हणून भर घालतो. बहुतेक अद्भुत कथांत स्फटिक चमकतात. तुमचा चमकायला हवा असेल तर खऱ्या दगडातून घ्या. पांढऱ्या गारगोटीचे दोन तुकडे पूर्ण अंधारात एकमेकांवर जोरात घासले की आतून मंद उजेड फुटतो. ठिणगी उडत नाही, तुकडाच क्षणभर उजळतो. डोळे अंधाराला सरावल्याशिवाय दिसत नाही. खाणीत काम करणाऱ्यांना हे पिढ्यान् पिढ्या माहीत असणार. तो झगझगीत मात्र करू नका.

दुसरं, याच स्फटिकाला दाब दिला की त्याच्या पृष्ठांवर विद्युतभार येतो, हे क्यूरी बंधूंनी १८८० मध्ये दाखवलं. उलटही होतं, विद्युतदाब दिला की स्फटिक किंचित आकार बदलतो. मनगटी घड्याळातला इवलासा स्फटिक त्यावरच चालतो, सेकंदाला ३२,७६८ आंदोलनं; ती पंधरा वेळा निम्मी केली की बरोबर एक उरतं. पण तो सूर साधारण २५ अंश तापमानाला धरून ठरवलेला असतो. त्याहून गरम झाला तरी घड्याळ मागे पडतं, थंड झाला तरी मागेच पडतं. जवारी यांनी गरम पट्टी निवू द्या म्हटलंय, त्याला हा दुजोरा. आणि गुहेत गारठा असेल तर महाकांत ज्या तापमानाला आहे त्याच तापमानाला आर्जाची पट्टी यायला हवी. अंगाच्या उबेला धरलेली पट्टी तिने आधी दगडावर ठेवून द्यावी.

जुळे स्फटिकही असतात, एकाच खड्यात दोन विरुद्ध मांडण्या एकमेकींत मिसळलेल्या. बाहेरून निर्दोष दिसतात, पण एका भागातला विद्युतभार दुसऱ्याला खोडतो, म्हणून त्या कामाला ते निरुपयोगी. पारखी घराण्याची खरी कसोटी जुळा ओळखण्यात असू द्या.

पुलेशु (पुढील लेखनाला शुभेच्छा).

पानगळ

सगळ्यांचे मनापासून आभार. काय ठेवलं ते सांगते, कुणाला कुठे वावगं दिसलं तर थांबवा.

नादकांत आता पट्ट्यांच्या रूपात आहेत, दोन दोऱ्यांवर आडव्या टांगलेल्या. वय कमी होण्याची किंमत गेली. चोर पट्टी मध्यावर धरतो आणि तिला शाप लागलाय असं समजून नदीकाठी टाकून देतो. महाकांतावरचं कडं आर्जाच्या पणजोबांनी आवळलेलं आहे. त्या काळात राजाला खोऱ्यातले सगळे दगड एका हुकमाने वाजवायचे होते. त्यांनी खर्ज बंद केला आणि आपल्या घराण्यासाठी चौथा सूर उघडा ठेवला. आजीला हे माहीत होतं. म्हणूनच पट्टी महाकांताच्या बरोबर नवव्या हिश्शाची आहे, आणि म्हणूनच तिने ती कधी पूर्ण जुळवली नाही. आर्जा एकच सूर लावते, मध्य धैवत, तोंड उघडून. त्याआधी ती रडते आणि पहिला प्रयत्न फसतो. उजेड फक्त एकदा, घासताना.

एका ठिकाणी अडलेय. कडं तोडल्यावर तिने महाकांताला सरळ मोगरीने ठोकलं तर खर्ज निघेलच ना? मग गायचं कशाला?

जवारी

निघेल. अठ्ठावन्न किलोच्या दगडातून एका माणसाच्या हाताला जेवढा निघतो तेवढा, आणि विरून जाईल. गुहेबाहेर पोचायचा नाही. ठोका एकदाच ऊर्जा देतो. जुळलेला सूर प्रत्येक आंदोलनाला थोडी थोडी देत राहतो आणि ती साठत जाते. म्हणून अनुनादाला (जुळलेल्या सुराने आपसूक घुमण्याला) वेळ लागतो, आणि म्हणून मंद्र म्हणतात ते थांबणं महत्त्वाचं. तिला आधी ठोकून बघू द्या. वाचकाला फरक ऐकू येईल.

आणि घासकामाबद्दल राहिलेलं सांगतो. तिचा हात जरा जास्त चालला आणि सूर ६९५ च्याही खाली गेला, तरी सगळं संपलं असं लिहू नका. टोकं किंचित घासून तो पुन्हा वर आणता येतो. पण टोकं फार घासली गेली की लांबी कमी होते, निस्पंदाच्या जागा सरकतात, आणि आजीने शिकवलेली बोटांची जागा चुकते. तिला त्या दोन जागा नव्याने शोधाव्या लागतील. त्याची रीत सोपी आहे: पट्टीवर कोरडी बारीक वाळू पसरायची आणि हळूच वाजवत राहायचं. हलणाऱ्या जागांवरून वाळू सरकते आणि स्थिर जागांवर दोन रेघा धरून बसते. क्लाडनीने १७८७ साली धातूच्या आणि काचेच्या पत्र्यांवर अशाच आकृत्या काढून छापल्या होत्या. गुहेत वाळू असतेच.

दर दुरुस्तीला दगड थोडा कमी होतो, एवढं लक्षात ठेवा. त्या पट्टीत अशा किती दुरुस्त्या शिल्लक आहेत हे आर्जाला हातात धरल्यावर कळायला हवं.